उन्हाळ्याची कमाई, हिवाळ्याची फी

पाण्याच्या खेळाचा धंदा उन्हाळ्याचा. जपानच्या पश्चिम किनाऱ्यावर, कानाझावाच्या बाजूला, हिवाळ्यात समुद्रावरचा वारा इतका बर्फ आणून टाकतो की छपरांवरचं ओझं उपसून काढावं लागतं. अशा दिवसांत अंगावर गार तुषार घ्यायला पैसे मोजून कोण येणार? फड बसून राहतो, पोटं मात्र चालूच राहतात. आणि तिकडे टोकियोत कायदा शिकणाऱ्या मुलाची फी बर्फ पडला म्हणून थांबत नाही.

केंजी मिझोगुचीच्या ‘ताकी नो शिराइतो’ या १९३३ सालच्या मूकपटात लूट आहे, खून आहे, कोर्ट आहे, दोन आत्महत्या आहेत. पण या सगळ्याच्या मुळाशी एवढाच हिशेब आहे: पैसा येतो उन्हाळ्यात आणि जातो बाराही महिने. तो हिशेब बाजूला ठेवून गोष्ट सांगितली की ती त्यागमूर्ती बाईची रडकथा होते. बहुतेक ठिकाणी ती तशीच सांगितली जाते, आणि ते त्या बाईवर अन्यायाचं आहे.

ताकी नो शिराइतो हे नायिकेचं, पाण्याचे खेळ करणाऱ्या बाईचं, खेळातलं नाव. अर्थ साधारण ‘धबधब्याचा पांढरा धागा’. खरं नाव मिझुशिमा तोमो. मूळ कथा इझुमी क्योका या कानाझावाच्याच लेखकाची, १८९४ साली योमिउरी वर्तमानपत्रात क्रमशः आलेली. पुढच्याच वर्षी तिचं नाटक झालं आणि शिम्पा या तेव्हाच्या नव्या जपानी रंगभूमीवर ते ठाण मांडून बसलं. कानाझावाला आगगाडी पोचली १८९८ साली. गोष्ट त्याआधीची आहे. ताकाओका ते इसुरुगी रस्त्यावर घोडागाडी धावते, ती हाकणारा मुराकोशी किन्या. माणसांनी ओढायच्या रिक्षा गाडीच्या पुढे जायला लागतात, उतारू खवळतात, वेग वाढवायला लावतात, आणि गाडी मोडते. तेव्हा किन्या एक विलक्षण गोष्ट करतो. घोडा सोडवतो, शिराइतोला उचलून घोड्यावर घेतो आणि बाकीचे उतारू रस्त्यात टाकून निघून जातो. एकीला दिलेला शब्द राखायला बाकी सगळ्यांचा मोडतो. त्याची नोकरी जाते. हा प्रसंग लक्षात ठेवायचा, कारण कोर्टातला प्रसंग याच साच्यातला आहे, फक्त उलटा घातलेला.

पुन्हा भेट होते ती कानाझावात, रात्री, पुलावर. बेकार किन्याला वकिलीचं शिक्षण घ्यायचंय, पैसा नाही. ती म्हणते, मी पाठवते. बदल्यात काय, तर परकेपणा नको. क्योकाच्या कथेत लग्नाचं वचन नाही, कागद नाही, व्याज नाही. जन्मभर एकमेकांना परकं मानायचं नाही, एवढाच करार. महत्त्वाकांक्षा किन्याची असं वरवर दिसतं. पण हा माणूस गाडी हाकत होता तोवर कायद्याचं शिक्षण ही त्याच्यासाठी नुसती इच्छा होती. तिला दिवस, ठिकाण आणि रक्कम दिली ती शिराइतोने. रस्त्यावर खेळ करणाऱ्या बाईला त्या समाजात जिथे पाऊल ठेवता येणार नव्हतं, तिथे तिने आपला माणूस पाठवला. महत्त्वाकांक्षा तिचीच आहे. अंगरखा तेवढा त्याच्या अंगावर.

आता तिचा धंदा नीट पाहू, कारण सिनेमा तो नीट दाखवतो. मिझुगेई, म्हणजे जलकला. खांद्यांना ताठ पंख असलेला कामिशिमो हा जुना दरबारी पोशाख घालून ती उभी राहते आणि तिच्या पंख्याच्या टोकातून पाणी उडतं. मग ती जिथे पंखा टेकवेल तिथून. जणू धार तिच्या बोटांच्या आज्ञेत आहे. यात जादू कसलीच नाही, उंचीचा खेळ आहे. पाणी वर साठवायचं, नळ्या फळ्यांखालून आणि कपड्यांतून फिरवायच्या, आणि पडद्यामागच्या माणसाने ठरलेल्या ठोक्याला तोटी उघडायची. टाकी नळीच्या तोंडापेक्षा तीन मीटर उंच असेल तर धार फार तर तीन मीटर चढेल, तीही कागदावर. बारीक नळीतलं घर्षण, वळणं आणि सांधे तिला बरीच खाली आणतात. नळीत हवा अडकली तर धार उडत नाही, थुंकते. म्हणून खेळाआधी प्रत्येक नळीतून पाणी वाहू देऊन हवा काढून टाकावी लागते. सांधा गळला तर बाहीवर ओला डाग उमटतो आणि सगळं उघडं पडतं.

पाण्याचाही हिशेब करून पाहण्यासारखा आहे. दोन मिलिमीटरचं तोंड आणि तीन मीटरची उंची धरली तर एका धारेला सेकंदाला जास्तीत जास्त २४ मिलिलिटर पाणी जातं. अशा दहा धारा एकदम म्हणजे जवळजवळ पाव लिटर. २०० लिटरचं पिंप चौदा मिनिटांत रिकामं होतं, आणि ते पुन्हा कुणीतरी बादल्यांनी वर चढून भरायचं असतं. पिंप उभट असेल तर पाणी उतरतं तशी धार बसत जाते, म्हणून पसरट हौद बरा. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, एकाच वाटेने येणाऱ्या पाण्यावर जास्त तोंडं उघडली की प्रत्येक धार बसते.

हे शेवटचं वाक्य म्हणजे सिनेमाच्या मधल्या भागाचा आराखडाच आहे. शिराइतोवर किती तोंडं उघडलेली आहेत पाहा. किन्याची फी. फडातली माणसं. त्याच फडातली एक तरुण जोडी पळून जाऊ पाहते, त्यांनाही हीच मदत करते. पहिली एकदोन वर्षं धार उंच उडते, कारण उन्हाळे चांगले जातात. मग लोकांची नजर मरते, हिवाळे लांबतात, फडाला ओहोटी लागते. तिने कुठे चूक केली असं शोधायला गेलात तर एकही ठळक चूक सापडत नाही. ती उधळी नाही, भोळीही नाही. सापडतो तो फक्त कोर्स संपायला उरलेला काळ आणि आटत चाललेला हौद. शेवटचा हप्ता राहिलेला असतो, तोच नेमका राहिलेला असतो.

म्हणून ती सावकाराकडे जाते. इवाबुची त्याचं नाव. पैसे हातात पडतात आणि वाटेतच लुटले जातात. लुटणारा सुरीफेकीचे खेळ करणाऱ्या टोळीचा म्होरक्या, तिच्याच धंद्यातला, तिच्यावर डूख धरून असलेला. आणि त्याच्यामागे सावकारच आहे हे तिला कळतं. एका हाताने द्यायचे, दुसऱ्या हाताने काढून घ्यायचे, वर कर्ज तिच्या डोक्यावर उभंच. ती परत जाते, झटापट होते, सावकार मरतो.

इथे मिझोगुचीने मूळ कथेपासून मोठी फारकत घेतली आहे, आणि तिच्याबद्दल थोडं थांबून बोलायला हवं. क्योकाच्या कथेत लुटलेले शंभर येन परत मिळण्याची आशा नसते. रात्रीच्या त्या सुन्न अवस्थेत, लुटारूंची हातात राहिलेली सुरी घेऊन शिराइतो एका भलत्याच घरात शिरते, आणि ज्यांचा तिच्याशी काही संबंध नाही अशा नवराबायकोचा खून करून पैसे नेते. हे वाचताना अंगावर काटा येतो. क्योका तिला कुठलीही सूट देत नाही. सिनेमाने तिच्या सुरीखाली दगाबाज सावकार आणून ठेवला. प्रेक्षकाला तिच्या बाजूने उभं राहणं सोपं केलं. धंद्याच्या दृष्टीने ते बरोबर असेल, आणि सावकाराची खोली, तो रात्रीचा काळोख, तिचं तिथून निघणं, हे सगळं उत्तम घेतलंय. तरी कथेतला निर्दय धक्का त्याने गमावला, असंच म्हणावं लागतं. कथेत वाचकाच्या मनात प्रश्न राहतो की इतक्या निर्मळ मदतीच्या पोटी इतकी हिंसा कशी आली. सिनेमात तो प्रश्न निम्मा सुटलेला असतो.

कथेतला कोर्टाचा पेच तर अजोड आहे. खुनाच्या जागी सुरी आणि लुटारूच्या कपड्याची फाटकी बाही सापडते, दोन्ही सुरीफेक्याकडे बोट दाखवणाऱ्या. त्याला फासावरून सुटायचं तर एकच वाट आहे, आपण त्या बाईला लुटलं हे कबूल करणं. झटापटीत ती बाही तिच्या हातात राहिली, सुरीही तिच्याकडे गेली, हे त्याने सांगितलं तरच त्या वस्तू तिथे कशा आल्या याचा उलगडा होतो. आणि शिराइतोला सुटायचं तर आपण लुटले गेलोच नाही असं म्हणणं भाग आहे. म्हणजे भर कोर्टात चोर खरं बोलतोय आणि जिच्यावर अन्याय झाला ती खोटं. मग सरकारी वकिलाच्या जागेवर नवा माणूस येतो. मुराकोशी किन्या. तिच्या पैशांनी शिकलेला.

त्या काळच्या जपानी कोर्टात सरकारी वकील आरोपीच्या वकिलाशेजारी खाली बसत नसे. न्यायाधीशांच्या रांगेत, त्याच उंच चौथऱ्यावर त्याची जागा असे. पडद्यावर हे नुसतं पाहिलं तरी पुरतं. तो वर, ती खाली. त्याला तिथवर चढवलं तिने. टाकी वर आणि तोटी खाली, ही तिच्या खेळातली मांडणी इथे माणसांची झालेली आहे.

किन्या तिला खरं सांगायला विनवतो. आणि ती सांगते. का सांगते? प्रेमापोटी, हे सर्वांचं उत्तर, ते चूकही नाही. पण तिच्या बाजूने बघा. तिने इतकी वर्षं पैसे पाठवले ते एक सच्चा, कायद्याला जागणारा माणूस उभा राहावा म्हणून. तो जर आज तिला वाचवायला डोळेझाक करतो, तर तिचं सगळं भांडवल खोटं ठरतं. तो कायद्याला जागतो तर ती मरते. त्याने शब्द पाळणं आणि तिला दगा देणं, या दोन गोष्टी त्या एका क्षणी वेगळ्या करताच येत नाहीत. रस्त्यात गाडी सोडून एकीला घेऊन निघालेला माणूस आता तिलाच सोडून बाकीच्या सगळ्यांना दिलेला शब्द पाळतो. सावकाराचा दगा क्षुद्र आहे, तो समजतो आणि विसरताही येतो. हा दगा विसरता येत नाही, कारण तो तिच्याच संमतीने होतो.

हा मूकपट १९३३ च्या जूनमधला आहे हे सांगितलं की लोक चमकतात. आपल्याकडे प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ १९३२ सालीच मराठीत बोलू लागला होता. जपानमध्येही पूर्ण बोलपट १९३१ पासून होते. तरी मूकपट टिकून राहिले याचं मोठं कारण म्हणजे तिथला मूकपट कधी मुका नव्हताच. पडद्याच्या बाजूला बेन्शी उभा असे. तोच निवेदक, तोच नायक, तोच नायिका, तोच सावकार. सोबत शामिसेन हे तीन तारांचं जपानी वाद्य आणि पाश्चात्त्य वाद्यांचा छोटा ताफा. लोक नटाच्या नावासाठी येत तसे बेन्शीच्या नावासाठीही येत. कीर्तनात बुवा एकटाच हरिश्चंद्रही होतो, तारामतीही आणि डोंबही, ते ज्याने ऐकलंय त्याला ही रीत समजावून सांगावी लागत नाही.

त्याच प्रभातच्या चित्रात दुर्गा खोटे तारामती झाल्या, आणि घरंदाज बाईने पडद्यावर यावं यावरून चर्चा झडल्या. इकडे शिराइतो झालेली इरिए ताकाको एका व्हायकाउंटची, म्हणजे उमरावाची, मुलगी. नटी तर झालीच, वर स्वतःची निर्मितीसंस्था काढली, आणि हे चित्र त्या संस्थेचंच आहे. शिम्पा नाटकांत ही भूमिका पुरुष नट करत आले होते, आपल्याकडे बालगंधर्व स्त्रीभूमिका करत तशीच ती परंपरा. इरिएने ती त्यांच्या हातून घेतली आणि नखऱ्याऐवजी तीत थकवा आणला. खेळ संपल्यावर खांदे सैल सोडणारी, पैसे मोजून बाजूला ठेवणारी बाई. आणि हे लक्षात घ्या की पडद्यावर जी दुसऱ्याच्या शिक्षणाला पैसा पुरवतेय, ती पडद्यामागेही चित्राला पैसा पुरवत होती.

मिझोगुचीला ही गोष्ट परकी नव्हती. त्याची थोरली बहीण सुझु लहानपणी गेइशांच्या घरात गेली आणि त्याच्या तरुणपणी तिनेच त्याला हात दिला. १९३५ साली त्याने पुन्हा क्योकाचीच एक कथा घेतली. तीत एक बाई वैद्यकीय शिकणाऱ्या तरुणासाठी स्वतःला झिजवते. बाईच्या कष्टावर पुरुष मोठा होतो, हे त्याने पुढे आयुष्यभर सांगितलं. पण इथे पैशाचा रस्ता जितका स्पष्ट दिसतो तितका नंतर क्वचित दिसला. किन्या झालेला ओकादा तोकिहिको या चित्रानंतर सातआठ महिन्यांतच, जानेवारी १९३४ मध्ये क्षयाने गेला. वय तीस. त्याची मुलगी मारिको तेव्हा वर्षाची. शाळकरी वयात तिने हा सिनेमा पाहिला, घरी येऊन सांगितलं, आणि त्यावर आईने तिला सांगितलं की तो नट तुझे वडील. पुढे ती स्वतः मोठी अभिनेत्री झाली.

ज्यांना हे चित्र बघायचंय त्यांच्यासाठी दोन गोष्टी. पहिली वेगाची. मूकपट सेकंदाला सोळा, अठरा, वीस, कधी चोवीस चौकटी अशा वेगवेगळ्या गतींनी घेतले जात. अठराने घेतलेलं चित्र चोवीसने चालवलं की नव्वद मिनिटांचं साडेसदुसष्ट मिनिटांत संपतं, माणसं तुरुतुरु चालतात आणि घोडागाडीच्या प्रसंगाला लोक हसतात. प्रत योग्य गतीने चालली आहे का हे ओळखायला या चित्रात सोपी खूण आहे, पाणी. एक मीटर खाली पडायला थेंबाला साधारण ०.४५ सेकंद लागतात. अठराने घेतलेल्या फितीत हे आठ चौकटींत बसतं, आणि चोवीसने दाखवलं की थेंब ०.३४ सेकंदात खाली येतो. आकडे मोजत बसायची गरज नाही. पाणी चिडल्यासारखं, तुटक पडताना दिसलं की समजावं, गती चुकली आहे. संगणकावर ती थोडी कमी करून पाहावी. बरोबर गतीत पाण्याला वजन येतं आणि इरिएच्या पापण्यांनाही.

दुसरी गोष्ट आवाजाची. सावातो मिदोरी या आजच्या काळातल्या नामवंत बेन्शीबाईंच्या निवेदनासह हे चित्र मिळतं. आधी ते ऐकत बघावं, म्हणजे फडातली नावं-नाती डोक्यात बसतात. मग दुसऱ्यांदा आवाज पूर्ण बंद करून. मिकी शिगेरुचा कॅमेरा तेव्हाच नीट दिसतो. खेळाच्या मांडवामागच्या अडगळीतून तो कसा वाट काढतो, माणसांना दोऱ्या, पडदे, खांब यांच्या आडून कसा बघतो ते. प्रतींची अवस्था मात्र सारखी नाही. फितीवर ओरखडे आहेत, कुठे चौकटी गळालेल्या आहेत, काही प्रतींत शेवट तुटका आहे. जपानचे बहुतेक मूकपट १९२३ चा भूकंप, युद्धातले बॉम्ब आणि निव्वळ हेळसांड यांत गेले. मिझोगुचीचे स्वतःचे पन्नासेक मूकपट होते, त्यांतले बोटांवर मोजण्याइतकेच उरले. आपल्याकडे हजाराहून जास्त मूकपट बनले, त्यांची गतही वेगळी नाही. तेव्हा मिळेल त्या प्रतीचे ओरखडे सोसावेत.

क्योकाच्या कथेत शिराइतोला फाशीची शिक्षा होते आणि त्याच संध्याकाळी किन्या आपल्या बिऱ्हाडाच्या माडीवर जीव देतो. हे सगळं दोनतीन वाक्यांत, वर्तमानपत्री थंडपणाने येतं. मिझोगुचीने दोघांचेही शेवट बदलले. सिनेमात ती कबुलीनंतर कोर्टातच जीभ चावून मरते. किन्या स्वतःवर गोळी झाडून घेतो तो नंतर, जिथे हप्त्यांची बोलणी झाली त्या पुलावर.

मूकपटात नायिकेने जिभेने मरावं, हे बेन्शीसाठी सर्वांत अवघड ठिकाण आहे. इतका वेळ तिचा आवाज त्याच्या, किंवा बेन्शीबाईच्या, गळ्यातून येत असतो. पडद्यावर इरिएचं तोंड मिटतं, जबडा आवळला जातो, डोळे किन्याच्या दिशेने वर असतात. तिथे वाद्यं थांबावीत आणि निवेदनही. प्रोजेक्टरची खरखर तेवढी चालू राहू द्यावी, ती खाली कोसळेपर्यंत.